पंचाऐंशी दाणे

कोल्हापूरच्या महालक्ष्मीला, म्हणजे आम्हा करवीरकरांच्या अंबाबाईला, वर्षातून दोन वेळा मावळता सूर्य भेटावयास येतो. देवीची मूर्ती पश्चिमाभिमुख आहे. एरवी गाभाऱ्यात समयांचा उजेड तेवढा असतो. परंतु नोव्हेंबरच्या ९, १० व ११ तारखांना, आणि पुन्हा ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारी या दिवशी, सायंकाळी सूर्यकिरणे महाद्वारातून आत शिरतात, मंडप ओलांडतात, उंबरा ओलांडतात आणि देवीच्या चरणांशी येऊन पोहोचतात. सूर्य जसजसा खाली उतरतो तसतशी किरणे मूर्तीवर वर चढू लागतात. आणि आकाश निरभ्र असले, वाटेत काही आडवे आले नाही, तर देवीचे मुख काही क्षण सोनेरी प्रकाशाने उजळून निघते. या सोहळ्याला किरणोत्सव म्हणतात.

मुलांनो, याच किरणोत्सवापायी एकदा माझी फार मोठी फजिती झाली. माझी एकट्याची झाली असती तर मी ती केव्हाच विसरलो असतो. परंतु तिची झळ माझ्या आजीला पोहोचली.

ही गोष्ट १९७१ सालची आहे. मी तेव्हा कोल्हापुरात सहावीत शिकत होतो. आजी राधानगरी तालुक्यात, भोगावतीच्या काठच्या आमच्या खेड्यात राहत असे. तिचे सारे आयुष्य शेतात गेले होते. नोव्हेंबरात भाताची सुगी, पुढे उसाची तोड आणि गुऱ्हाळ. त्यामुळे अंबाबाईचे दर्शन तिने कितीदा तरी घेतले असले, तरी किरणोत्सवाचा योग काही तिला आला नव्हता. आता तिची दृष्टी मंदावू लागली होती. १५ ऑगस्टला, रविवारी, शाळेतील झेंडावंदन उरकून मी गावी गेलो, तेव्हा ती मला जवळ बसवून म्हणाली, “बाळा, डोळ्यांनी दिसतंय तवर एकदा अंबाबाईच्या तोंडावरचा उजेड बघायचा हाय. कुठली तिथ असती रं त्याची?”

मी म्हणालो, “आजी, त्याला तिथी नसते. तारीख असते. नऊ, दहा आणि अकरा नोव्हेंबर.”

“तारीख मला काय कळती? तिथ सांग.”

आजीचे म्हणणे चुकीचे नव्हते. तिचे सण, उपवास, जत्रा, सारे तिथीवर चालत. परंतु तिथी ठरते चंद्रावरून. चंद्राचे बारा महिने सुमारे ३५४ दिवसांत संपतात, आणि सूर्याचे वर्ष त्याहून जवळजवळ ११ दिवसांनी मोठे असते. हे अंतर वाढत जाऊ नये म्हणून आपल्या पंचांगात मधूनमधून अधिक मास धरतात. त्यामुळे एकच तारीख दर वर्षी निराळ्या तिथीला येते. अलीकडचेच उदाहरण पाहा. २०२३ साली १० नोव्हेंबरला धनत्रयोदशी होती, घरोघरी दिवाळीचे दिवे लागत होते. २०२४ साली त्याच तारखेला दिवाळी उलटून आठवडा झाला होता. सूर्याला मात्र आपल्या दिवाळीचे सोयरसुतक नाही. तो आपल्या ठरलेल्या दिवशी ठरलेल्या जागी मावळतो.

(गंमत अशी की, आजी सूर्याचीही गणना जाणत होती, फक्त तिला ते नाव ठाऊक नव्हते. “मिरुग निघाला” असे ती म्हणे, तो मृग दर वर्षी ७ किंवा ८ जूनलाच लागतो, कारण शेतकऱ्याची ही नक्षत्रे सूर्याच्या चालीवर मोजलेली असतात. पेरणीचा हिशेब चंद्रावर ठेवून चालत नाही, हे आपल्या शेतकऱ्यांनी फार पूर्वीच ओळखले होते.)

अखेरीस आजीनेच तोड काढली. “तिथ ऱ्हाऊ दे. आजपासनं किती दिस, त्ये सांग.”

तीन दिवसांपैकी मधला दिवस धरावा, म्हणजे चुकामूक होणार नाही, असा पोक्त विचार करून मी १० नोव्हेंबर ही तारीख निश्चित केली आणि बोटांवर हिशेब मांडला. १५ ऑगस्ट ते १५ ऑक्टोबर दोन महिने, म्हणजे साठ दिवस. तेथून महिनाअखेर पंधरा, आणि पुढचे दहा. एकूण पंचाऐंशी. मी मोठ्या रुबाबात उत्तर सांगितले. आजीने डब्यातून हरभरे काढले, माझ्याकडून पंचाऐंशी दाणे मोजून घेतले आणि एका गाडग्यात भरून ते देव्हाऱ्याशेजारी ठेवले. रोज सकाळी दिवा लावला की एक दाणा काढून ती अंगणात पाखरांना टाकणार, आणि ज्या सकाळी गाडगे रिकामे होईल त्या दिवशी ती कोल्हापूरची एस. टी. धरणार, असे ठरले.

एका सकाळी गाडगे रिकामे झाले. नवे लुगडे नेसून, ओटीचे सामान बांधून घेऊन आजी दुपारी आमच्या दारात उभी राहिली. आम्ही सारे चकित झालो. भिंतीवरील दिनदर्शिकेत ८ नोव्हेंबर, सोमवार असे स्वच्छ लिहिलेले होते! वडील म्हणाले, “आई, उत्सव उद्यापासून आहे.” आजी काही बोलली नाही. तिने फक्त माझ्याकडे पाहिले.

त्या सायंकाळी आम्ही देवळात गेलो. किरणे आली, मंडपातून पुढेही सरकली, परंतु देवीपर्यंत न जाता एका अंगाला कलून विझून गेली. आजी बराच वेळ तशीच हात जोडून उभी होती. दोन दिवस राहा, म्हणून आम्ही तिला परोपरीने विनवले. पण खळ्यावर भाताची मळणी खोळंबली होती, घरी दुसरे कोणी नव्हते. दुसऱ्या दिवशी पहाटेच्या गाडीने ती परत गेली. जाताना एवढेच म्हणाली, “दानं मी रोज एकच काढला रं पोरा.” तिला वाटत होते की चूक तिचीच झाली असावी. ते वाक्य मला कोणत्याही रागावण्याहून अधिक लागले.

चूक कोठे झाली हे तुमच्या ध्यानात आलेच असेल. मी प्रत्येक महिना तीस दिवसांचा धरला होता. ऑगस्टचे उरलेले १६, सप्टेंबरचे ३०, ऑक्टोबरचे ३१ आणि नोव्हेंबरचे १०, असे मिळून ८७ दिवस होतात. माझ्या गाडग्यात दोन दाणे कमी पडले होते.

दुसऱ्या दिवशी मी वर्गात मान खाली घालून बसलो होतो. आमचे गुरुजी मराठी आणि गणित दोन्ही शिकवीत. त्यांनी खोदून खोदून विचारले तेव्हा मी सारी हकिकत सांगितली. मुले हसली. गुरुजी हसले नाहीत. त्यांनी खडू उचलला आणि म्हणाले, “तारीख हे दिवसाचे नाव आहे. नावांची बेरीज-वजाबाकी होत नाही. ‘१० नोव्हेंबर’ यातून ‘१५ ऑगस्ट’ कसे वजा करणार? त्यासाठी प्रत्येक दिवसाला त्याचा क्रमांक द्यावा लागतो. १ जानेवारी हा पहिला, ३१ डिसेंबर हा तीनशे पासष्टावा. मधल्या प्रत्येक दिवसाची या रांगेत एक जागा आहे. ती जागा सापडली की काम झाले.”

महिन्यांचे दिवस ध्यानात ठेवण्याची मुठीची युक्ती तुम्हांला ठाऊक असेलच. मूठ मिटून तर्जनीच्या उंचवट्यावर जानेवारी म्हणावे, पुढच्या खोलगट जागेत फेब्रुवारी, असे करीत करंगळीच्या उंचवट्यावर जुलै येतो. पुन्हा तर्जनीपासून ऑगस्ट सुरू करावा. उंचवट्यावरचे महिने एकतीस दिवसांचे, खळग्यातले तीसांचे, आणि फेब्रुवारी तेवढा अठ्ठावीसांचा. परंतु दर वेळी अकरा-अकरा महिन्यांची बेरीज करणे कंटाळवाणे असते. म्हणून गुरुजींनी आम्हांला एक सोपी रीत शिकविली. जेवढे महिने पूर्ण झाले असतील त्यांना तिसाने गुणावे, त्यात तारीख मिळवावी, आणि मग चालू महिन्याचा ‘वाढावा’ धरावा. हा वाढावा म्हणजे मागील एकतीशी महिन्यांतून साचलेले जादा दिवस. फेब्रुवारीसाठी तो १ असतो. मार्चला उलट १ दिवसाची तूट येते, कारण मध्ये अठ्ठावीसांचा फेब्रुवारी होऊन गेलेला असतो. एप्रिल आणि मे या महिन्यांना ना वाढावा ना तूट. जून व जुलैला १, ऑगस्टला २, सप्टेंबर व ऑक्टोबरला ३, आणि नोव्हेंबर व डिसेंबरला ४.

आता १५ ऑगस्ट घ्या. सात महिने पूर्ण झाले, त्यांचे २१०, त्यात तारखेचे १५ आणि वाढाव्याचे २, एकूण २२७. १० नोव्हेंबर घ्या. दहा महिन्यांचे ३००, तारखेचे १०, वाढावा ४, एकूण ३१४. तीनशे चौदातून दोनशे सत्तावीस वजा केले की ८७ उरतात. एका ओळीत हिशेब संपला. आजीच्या दोन दाण्यांचा पत्ता मला फळ्यावर लागला.

फेब्रुवारीच्याच वाट्याला अठ्ठावीस दिवस का, असे कोणीतरी विचारले. गुरुजी म्हणाले, “प्राचीन रोमन लोकांचे वर्ष मार्चपासून सुरू होत असे. फेब्रुवारी हा शेवटचा महिना. तोच आखूड राहिला. खोटे वाटत असेल तर महिन्यांची नावे ऐका. सप्टेंबरमध्ये आपला ‘सप्त’ ऐकू येतो की नाही? ऑक्टोबरमध्ये ‘अष्ट’, नोव्हेंबरमध्ये ‘नव’ आणि डिसेंबरमध्ये ‘दश’?” लॅटिन आणि संस्कृत या एकाच घराण्यातील भाषा आहेत, हे मला त्या दिवशी प्रथम कळले. मार्चपासून मोजले म्हणजे सप्टेंबर खरोखरच सातवा येतो. पुढे वर्षाचा आरंभ जानेवारीवर गेला, आणि नावे मात्र जुनीच राहिली.

आपल्या राष्ट्रीय दिनदर्शिकेत असला घोळ ठेवलेला नाही. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशीवरून ती २२ मार्च १९५७ पासून, म्हणजे १ चैत्र शके १८७९ पासून, सुरू झाली. तिच्यात चैत्र ३० दिवसांचा, पुढचे वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने ३१ दिवसांचे, आणि बाकीचे सहा महिने ३० दिवसांचे आहेत. मोजणीस इतकी सोयीची दिनदर्शिका हाताशी असून आपण ती वापरीत नाही, याचे मला नेहमी वाईट वाटत आले आहे.

परंतु गुरुजींचा खरा धडा अजून व्हावयाचा होता. त्यांनी मला किरणोत्सवाच्या दुसऱ्या पर्वाचा मधला दिवस, म्हणजे १ फेब्रुवारी, मांडावयास सांगितला. एक महिना पूर्ण, त्याचे ३०, तारीख १, वाढावा १, एकूण ३२. “आता हा दिवस पुढच्या वर्षी येतो, म्हणून त्यात ३६५ मिळव.” मी ३९७ लिहिले. “३१४ आणि ३९७ यांचा बरोबर मध्य काढ.” दोहोंची बेरीज ७११, तिचे निम्मे तीनशे साडेपंचावन्न. “३५५ वा दिवस म्हणजे कोणती तारीख?” अकरा महिन्यांचे ३३०, वाढावा ४, उरले २१. मी म्हणालो, “एकवीस डिसेंबर.” आणि वर अर्धा उरतो, म्हणजे २१ आणि २२ डिसेंबरच्या मधोमध!

वर्गात शांतता पसरली. वर्षातील सर्वांत लहान दिवस २१ किंवा २२ डिसेंबरला येतो, हे आम्ही भूगोलात घोकले होते. पण तो असा आपल्या अंबाबाईच्या देवळातून समोर येईल, हे कोणाच्या स्वप्नातही नव्हते. गुरुजींनी ९ नोव्हेंबरची जोडी २ फेब्रुवारीशी आणि ११ नोव्हेंबरची ३१ जानेवारीशी घालावयास सांगितली. दोन्ही वेळा मध्य तोच आला. घरी वहीवर तुम्हीही करून पाहा.

याचे कारण असे. सायंकाळी रंकाळ्याच्या काठी पश्चिमेकडे तोंड करून उभे राहा. मार्चच्या २१ तारखेच्या सुमारास सूर्य बरोबर समोर मावळतो. जूनमध्ये तो उजव्या हाताला, उत्तरेकडे सरकलेला दिसतो. मग तो मागे फिरतो, सप्टेंबरच्या अखेरीस पुन्हा समोर येतो, आणि डाव्या हाताकडे, दक्षिणेकडे निघतो. १० नोव्हेंबरला तो ठीक पश्चिमेपासून सुमारे १८ अंश दक्षिणेकडे मावळतो. याच दिशेने येणारी किरणे महाद्वारातून थेट गाभाऱ्यात जातात. सूर्य तेथे थांबत नाही; आणखी दक्षिणेकडे जातो, २१-२२ डिसेंबरला शेवटच्या टोकाला पोहोचतो, आणि तेथून परत फिरतो. जाण्यास जेवढे दिवस लागले तेवढेच येण्यास लागतात. म्हणून १ फेब्रुवारीला तो पुन्हा त्याच जागी मावळतो, आणि किरणांना पुन्हा तीच वाट मिळते. पुष्कळ लोक उत्तरायण मकरसंक्रांतीपासून मोजतात. परंतु सूर्य परतीच्या वाटेला लागतो तो डिसेंबरातच.

या दिवसांत मावळतीची जागा रोज सूर्याच्या जवळजवळ अर्ध्या बिंबाएवढी सरकत असते. ऐकावयास हे अंतर क्षुल्लक वाटते. परंतु दोन दिवसांत एक अख्खे बिंब सरकले, तर शंभर मीटर अंतरावर प्रकाशाचा कवडसा सुमारे एक मीटर बाजूला पडतो. आजी ८ तारखेला उभी होती, तेव्हा तिच्या आणि त्या उजेडाच्या मध्ये एवढेच अंतर होते. ज्यांनी हे देऊळ उभारले त्यांच्याजवळ आजची उपकरणे नव्हती. एवढ्या बारकाव्याने सूर्याची वाट त्यांनी ओळखली, ती वर्षानुवर्षे क्षितिजाकडे पाहून.

एवढे कळल्यावर मी स्वस्थ कसा बसणार? पुढच्या रविवारची वाट न पाहता मी वडिलांकडून पोस्टकार्ड घेतले. ८ नोव्हेंबर हा वर्षाचा ३१२ वा दिवस. वर्षअखेरपर्यंत उरले ५३. त्यांत ३२ मिळविले, तर उत्तर आले, पुन्हा पंचाऐंशी! मी तीन वेळा हिशेब तपासला. उत्तर बदलेना. अखेर मी लिहिले, “आजी, ज्या दिवशी तुझे गाडगे रिकामे झाले त्या दिवसापासून पुन्हा पंचाऐंशी दाणे मोज. या वेळी चूक नाही.”

पत्र गावातील कोणीतरी आजीला वाचून दाखविले. तोच आकडा ऐकून तिला काय वाटले असेल, ते तीच जाणे. थोडा संशय नक्कीच आला असेल. कारण १ फेब्रुवारी १९७२ रोजी, मंगळवारी, ती आमच्याकडे आली तेव्हा उंबऱ्यातच तिने विचारले, “आज कोंची तारीख?” मी म्हणालो, “एक.” ती म्हणाली, “मग चल.”

त्या सायंकाळी देवळात पाय ठेवावयास जागा नव्हती. वडिलांनी आजीला हाताशी धरून पुढे नेले. प्रकाशाचा तो पट्टा मंडपातून हळूहळू सरकत आला, उंबऱ्यावरून आत गेला, चरणांवर चढला. माणसे बोलावयाची थांबली. मग कमरेपर्यंत, मग हातांपर्यंत. आणि मग देवीचे मुख एकाएकी असे उजळले की, माझ्या शेजारी उभ्या असलेल्या आजीच्या तोंडून “दिसलं गं बाय, दिसलं” एवढेच शब्द बाहेर पडले. मी देवीकडे पाहावयाचे सोडून तिच्याकडेच पाहत होतो, हे आज कबूल करण्यास हरकत नाही.

अलीकडे हे दर्शन इतके सहज घडत नाही. महाद्वारासमोर उंच इमारती झाल्या, हवेत धूळ वाढली, नोव्हेंबरात ढगही येतात. कित्येक वर्षी किरणे मूर्तीपर्यंत जेमतेम पोहोचतात. किरणांच्या वाटेतील अडथळे दूर व्हावेत म्हणून गावात सतत प्रयत्न चालू असतात. सूर्याने आपला दिवस चुकविलेला नाही. वाट अडविली ती आपणच.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी आजीला एस. टी. स्टँडवर पोहोचवावयास गेलो. गाडी लागली होती. आजीने पदराच्या गाठीतून हरभऱ्याची पुडी काढली आणि माझ्यापुढे धरली. “कालच्या दिसापासनं पुढच्या येळंला किती, त्ये मोजून दे.”

मला आता भीती नव्हती. १० नोव्हेंबर ३१४ वा, १ फेब्रुवारी ३२ वा. मी म्हणालो, “दोनशे ब्याऐंशी.” आम्ही दोघे बाकावर बसून दाणे मोजू लागलो. मोजणी संपली, आजीने पुडी बांधली, गाडीत चढून खिडकीशी बसली. कंडक्टरने घंटी दिली. आणि तेवढ्यात मला फळ्यावरची गुरुजींची शेवटची ओळ आठवली. पृथ्वीला सूर्याभोवती फिरण्यास ३६५ दिवस आणि वर जवळजवळ सहा तास लागतात. त्या तासांची भरपाई करण्यासाठी दर चौथ्या वर्षी फेब्रुवारीत एक दिवस अधिक धरतात, आणि त्या वर्षी मार्चपासून पुढे प्रत्येक दिवसाचा क्रमांक एकाने वाढतो. हे १९७२ साल होते. बहात्तराला चाराने नि:शेष भाग जातो.

खाली सांडलेला एक दाणा बाकाखाली पडला होता. तो उचलून मी धावत सुटलो आणि खिडकीतून आजीच्या हातावर ठेवला.

“ह्यो कशाला?” आजीने विचारले.

“एकोणतीस फेब्रुवारीचा!” मी ओरडून सांगितले.

स्वाध्याय

१. लेखकाने आजीला पहिल्या वेळी किती दिवस सांगितले? ते का चुकले?

२. “दानं मी रोज एकच काढला रं पोरा,” हे वाक्य लेखकाला का लागले असावे? तुमच्या शब्दांत लिहा.

३. राजर्षी शाहू महाराजांचा जन्म २६ जून १८७४ रोजी झाला आणि शिवाजी विद्यापीठाची स्थापना १८ नोव्हेंबर १९६२ रोजी झाली. हे दिवस त्या त्या वर्षातील कितवे?

४. साध्या वर्षातील २०० वा दिवस कोणत्या तारखेला येतो? लीप वर्षात तो कोणत्या तारखेला येईल?

५. १९०० या सालाला चाराने भाग जातो, तरी ते लीप वर्ष नव्हते. २००० हे मात्र होते. शतकाच्या वर्षाला ४०० ने भाग जावा लागतो, हा नियम वापरून २१०० सालचा १० नोव्हेंबर कितवा येईल ते सांगा.

६. तुमच्या आजी-आजोबांना विचारा: घड्याळ व दिनदर्शिका नसताना ते दिवस कसे मोजत? त्यांचे उत्तर वहीत लिहून आणा.